जात, घर आणि आठवण : आजची भारतीय कादंबरी वाचताना वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ठाण्यात आणि ऐरोलीत आम्ही काही वाचक आलटून पालटून जमतो आणि एका पुस्तकावर बोलतो. नव्याने येणाऱ्यांचे प्रश्न बरेचसे सारखे असतात. दर वेळी तोंडी उत्तरं देताना काहीतरी राहून जातं, म्हणून ती इथे लिहून ठेवली आहेत. मतं माझी आहेत. कट्ट्यावर सगळ्यांना ती पटतातच असं नाही.

जात ही समाजाची गोष्ट. मग या कादंबऱ्यांत दर वेळी घरच का उद्ध्वस्त होतं?

कारण जात घरात घडवली जाते आणि घरातच राखली जाते. बाबासाहेब आंबेडकरांनी १९१६ साली कोलंबिया विद्यापीठात भारतातल्या जातींवर एक निबंध वाचला. तेव्हा ते पंचविशीत होते. आपल्याच गटात लग्न करण्याची सक्ती हा जातीचा गाभा आहे, असं त्यांनी त्यात मांडलं. ही सक्ती टिकवायची तर नवऱ्यामागे राहिलेल्या बाईचं आणि बायको गेलेल्या पुरुषाचं काय करायचं, हा पेच उभा राहतो. सती, सक्तीचं वैधव्य आणि बालविवाह या प्रथा त्या पेचावरचे उपाय म्हणून आल्या, असा त्यांचा युक्तिवाद होता. पुढे १९३६ मध्ये ‘जातिसंहार’ या छापील भाषणात त्यांनी आंतरजातीय विवाह हाच खरा इलाज असल्याचं स्पष्टच लिहिलं.

हा निबंध वाचून मग कादंबरी हातात घेतली, की बऱ्याच गोष्टींचा उलगडा होतो. पोरगी कोणाशी बोलते, विधवा बहीण माहेरी किती दिवस राहते, सुनेच्या माहेरची चौकशी कोण करतं, जेवायला बसल्यावर कोणाचं ताट वेगळं निघतं, ही सगळी जातीची कामं आहेत आणि ती आई, आत्या, काका, भाऊ करतात. म्हणून नियम मोडला की शिक्षाही बहुतेक वेळा घरचीच माणसं करतात. पोलीस, पंचायत, पुढारी मागाहून येतात.

वाचताना दोनच गोष्टींवर लक्ष ठेवा : शिक्षा कोण करतं, आणि ती पाहून गप्प कोण बसतं. माझ्या मते आजच्या चांगल्या कादंबरीचा सगळा जीव या दुसऱ्या माणसात आहे. गप्प बसलेल्याला विसरता येत नाही आणि घरात बोलताही येत नाही. तो वीस-वीस वर्षं जे आत ठेवतो, तेच कादंबरीत आठवण म्हणून येतं.

सुरुवात कुठून करू? जाड कादंबरी झेपणार नाही.

बाबुराव बागूल यांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ या १९६३ च्या कथासंग्रहापासून करा. साठ वर्षं उलटून गेलेलं पुस्तक आजच्या साहित्याच्या यादीत कशाला, असं कोणी ना कोणी विचारतंच. शीर्षककथा वाचा म्हणजे कळेल. रेल्वेत नोकरी लागलेला तरुण परगावी जातो. राहायला खोली हवी म्हणून जात सांगत नाही. कविता करतो, हुशार आहे, सोबतचे लोक त्याच्यावर खूश असतात. जात उघडी पडते आणि मार बसतो. मार संपल्यावर तो जे म्हणतो त्याचा आशय असा, की या माणसांनी मला मारलंच नाही, मला मनूने मारलं.

कोपरखैरण्यात किंवा घोडबंदर रोडला भाड्याने घर शोधताना ‘आडनाव काय?’ आणि त्यावर समाधान झालं नाही तर ‘गाव कुठलं, कुलदैवत कोणतं?’ हे प्रश्न ज्यांनी ऐकलेत, त्यांना ही कथा समजावून सांगावी लागत नाही. ज्यांना हे प्रश्न कधी खटकले नाहीत, त्यांनी ती दोनदा वाचावी असा माझा आग्रह असतो.

त्यानंतर याच बागुलांची ‘आई’ वाचा. विधवा आई, शाळेत जाणारं पोर आणि वस्तीतली कुजबुज. जातीच्या अपमानाखाली दबलेल्या वस्तीतही बाईवरचा पहारा सैल होत नाही, हे बागुलांनी इतक्या लवकर आणि इतक्या निर्भीडपणे लिहून ठेवलं आहे.

‘द गॉड ऑफ स्मॉल थिंग्ज’मधलं घर तर ख्रिस्ती आहे. तिथे जात कुठून आली?

हा प्रश्न फार वेळा येतो, आणि तो आलेला मला आवडतो. अरुंधती रॉय यांची ही कादंबरी १९९७ साली आली आणि तिला त्याच वर्षी बुकर मिळालं. केरळमधल्या अयमेनममधलं सीरियन ख्रिस्ती कुटुंब, लोणच्याचा कारखाना, घटस्फोट घेऊन माहेरी आलेली अम्मू आणि तिची जुळी मुलं, एस्था आणि राहेल. अम्मू आणि वेलुथा यांचं प्रेम जुळतं. वेलुथा परवन, म्हणजे अस्पृश्य मानलेल्या जातीतला. तो उत्तम सुतार आहे आणि कारखान्यातली यंत्रंही तोच दुरुस्त करतो. तरी त्याला स्पृश्य सुताराहून कमी मजुरी मिळते आणि त्याला कामावर ठेवलं म्हणून इतर कामगार नाराज असतात.

धर्म बदलला तरी लग्नं जातीतच होत राहिली आणि जमीन त्याच हातांत राहिली, म्हणून जातही राहिली. घरातली आजी नातवंडांना जुन्या काळची गोष्ट सांगते : परवनांना हातात झाडू घेऊन मागे मागे सरकत, आपलीच पावलं पुसत जावं लागे. त्यांच्या पावलावर चुकून पाय पडून ब्राह्मण किंवा सीरियन ख्रिस्ती माणूस विटाळू नये म्हणून. यात दोन्ही धर्मांची माणसं एकाच ओळीत येतात. वेगळं स्पष्टीकरण लेखिकेने दिलेलं नाही आणि ते लागतही नाही.

पण या कादंबरीतला ज्या प्रसंगापाशी मी दर वेळी थांबतो, तो वेलुथाच्या बापाचा आहे. वेल्या पापेन. दगडाची कपची उडून त्याचा एक डोळा गेलेला असतो आणि मालकिणीने पैसे देऊन त्याला काचेचा डोळा बसवून दिलेला असतो. आपला मुलगा आणि मालकाघरची मुलगी रात्री भेटतात हे तो पाहतो आणि भर पावसात, दारू पिऊन, मालकिणीच्या दाराशी येतो. जे पाहिलं ते सांगतो. मुलाला स्वतःच्या हाताने मारून टाकायची तयारी दाखवतो. आणि तो काचेचा डोळा काढून तळहातावर धरतो, परत घ्या म्हणून.

एका माणसाच्या उपकाराची जाणीव पोटच्या पोरापेक्षा मोठी कशी होते? तो दुष्ट नाही. तो घाबरलेला आहे, आणि ती भीती त्याला वारशाने मिळाली आहे. जात माणसाच्या प्रेमात कुठवर शिरते हे याहून जवळून दाखवणारं पान भारतीय कादंबरीत मला सहसा सापडत नाही.

पुढे बेबी कोचम्मा ही आत्याआजी घराण्याची अब्रू राखायला पोलिसांत खोटी तक्रार करते. वेलुथाला पोलीस मरेस्तोवर मारतात. मग सात वर्षांच्या एस्थाला, आईला वाचवायचं असेल तर पोलिसांनी वेलुथाबद्दल विचारल्यावर ‘हो’ म्हण, असं पढवलं जातं. तो ‘हो’ म्हणतो. त्यानंतर त्याचं बोलणं हळूहळू थांबतं. जातीने मारलेल्या माणसासोबत, त्याच्या मरणाला होकार द्यायला लावलेलं पोरही संपतं.

मग ही माणसं गोष्ट सरळ का सांगत नाहीत? मागे-पुढे, तुकड्यातुकड्यांत का?

पहिल्या बैठकीला ही तक्रार हमखास येते. काहींना तो लेखकाचा नखरा वाटतो. काही पुस्तकांत तो असतोही. पण चांगल्या पुस्तकात तुकडे होण्याला कारण असतं.

रॉय यांच्या कादंबरीत काय झालं हे पहिल्याच प्रकरणात जवळजवळ सगळं सांगून टाकलेलं आहे : कोण मेलं, कोणाला घरातून काढलं, कोण मुकं झालं. तरी आपण पुढे वाचत राहतो, कारण घटनेपेक्षा ती घडू कोणी दिली हे कळायला वेळ लागतो. १९६९ चा डिसेंबर आणि तेवीस वर्षांनंतरचं मोडकळीला आलेलं घर यांच्यात कथा येरझाऱ्या घालते. घरी ज्या गोष्टीबद्दल बोलायला बंदी असते ती कोणालाच सलग आठवत नाही. वास आठवतो, फ्रॉकचा रंग आठवतो, कोणीतरी दार लावून घेतल्याचा आवाज आठवतो.

याहून धाडसी उत्तर कन्नडमध्ये मिळतं. देवनूर महादेव यांची ‘कुसुमबाले’ १९८४ साली आली आणि १९९० मध्ये तिला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. वरच्या जातीतली कुसुमा, दलित तरुण चन्ना, आणि चन्नाचा खून. हा खून बोलायचा कोणी? ज्यांनी केला ते बोलणार नाहीत आणि ज्यांचा पोरगा गेला त्यांना नीट कळलेलंही नाही. म्हणून या छोट्याशा कादंबरीत रात्री दिव्यांच्या ज्योती एकत्र जमतात आणि आपापल्या घरात काय पाहिलं ते एकमेकींना सांगतात. घरातली खाटही बोलते. लोककथेतून आलेली ही युक्ती इथे साक्षीदाराचं काम करते. साक्ष द्यायला माणूस उरला नाही की वस्तूंना तोंड फुटतं.

मीना कंदसामी यांच्या ‘द जिप्सी गॉडेस’ (२०१४) मध्ये अडचण वेगळी आहे. तमिळनाडूतल्या कीळवेण्मणी गावात २५ डिसेंबर १९६८ रोजी मजुरीच्या लढ्यातून ४४ दलितांना एका झोपडीत जाळून मारलं गेलं. त्यांत बायका आणि मुलं जास्त होती. एवढ्या मरणांची ‘छान’ कादंबरी कशी लिहायची, या प्रश्नाशी लेखिका भर कादंबरीतच भांडते, वाचकालाही फटकारते. काहींना हे खूप त्रासदायक वाटतं. मला ते प्रामाणिक वाटतं, जरी मधली काही पानं जड गेली तरी.

आत्मकथन आणि कादंबरी यांत काही फरक उरतो का? मराठीत तर आत्मकथनंच जास्त वाचली जातात.

फरक उरतो. पण आपल्याकडे आत्मकथनाने जे केलं त्याशिवाय आजची कादंबरी उभीच राहिली नसती. दया पवार यांचं ‘बलुतं’ १९७८ चं. त्यात दगडू मारुती पवार हा माणूस दया पवार या लेखकाला आपली कहाणी सांगतो. एकच माणूस, पण दोन भागांत चिरलेला : एक गावकुसाबाहेरचा, दुसरा शिकून शहरात पांढरपेशा झालेला. स्वतःची आठवण सांगायलासुद्धा दुसरं नाव लागावं, ही रचना कादंबरीकाराची आहे.

उर्मिला पवार यांचं ‘आयदान’ (२००३) आणि उत्तम कांबळे यांचं ‘आई समजून घेताना’ ही दोन्ही घराच्या आतून लिहिलेली पुस्तकं आहेत आणि दोन्हींत आई मधोमध आहे. ‘आयदान’मधली आई सतत टोपल्या विणते, आणि आपलं लिहिणं हेही तसंच विणणं आहे, असं लेखिका सांगते. उत्तम कांबळे डिसेंबर २०१० मध्ये ठाण्यात झालेल्या ८४व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. त्यांच्या ‘श्राद्ध’ आणि ‘अस्वस्थ नायक’ या कादंबऱ्याही वाचा. आत्मकथनात लेखक फक्त स्वतःला ठाऊक असलेलंच सांगू शकतो. कादंबरीत त्याला छळणाऱ्याच्याही डोक्यात शिरता येतं, आणि तिथे काय चाललं होतं हे वाचणं जास्त भयंकर असतं.

पेरुमाळ मुरुगन यांच्याबद्दल एवढी चर्चा का? सुरुवात कोणत्या पुस्तकाने?

‘पूक्कुळी’ने. मूळ तमिळ २०१३ चं, इंग्रजी भाषांतर अनिरुद्धन वासुदेवन यांचं, ‘पायर’ या नावाने. २०२३ मध्ये ते आंतरराष्ट्रीय बुकरच्या पहिल्या यादीत होतं. सोड्याच्या बाटल्यांचं काम करणारा कुमरेसन, शहरातल्या सरोजाशी लग्न करून तिला गावी आणतो. भर उन्हात बसमधून उतरून दोघं चालत घरी येतात, तिथून कादंबरी सुरू होते. सगळं ठीक होईल, आई दोन दिवस रडेल आणि मग गप्प होईल, असं तो तिला सांगत राहतो. आई मारायी गप्प होत नाही. ती छाती बडवून, सूर लावून, शेजाऱ्यापाजाऱ्यांना ऐकू जाईल असं रडते, रोज.

सरोजाची जात मुरुगन शेवटपर्यंत सांगत नाहीत. वाचक पानोपानी ती शोधत राहतो, गावातल्या बायकांसारखाच. आमच्या बैठकीत एकाने प्रामाणिकपणे विचारलं, ‘पण ती नक्की होती कोण?’ खोलीत सगळे थोडा वेळ गप्प झाले, कारण वाचताना प्रत्येकानेच तो अंदाज बांधला होता. शेवट इथे सांगत नाही. एवढंच सांगतो, की जे करतात ते परके नसतात.

चर्चेचं दुसरं कारण त्यांची आधीची ‘मादोरुभागन’ (२०१०). मूल होत नसलेल्या शेतकरी जोडप्याची गोष्ट. तिच्याविरुद्ध जातीय संघटनांनी इतकं रान उठवलं, की जानेवारी २०१५ मध्ये आपल्यातला लेखक मेला आहे असं मुरुगन यांनी जाहीर केलं. २०१६ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला आणि ते पुन्हा लिहू लागले. काली आणि पोन्ना हे त्यातलं जोडपं एकमेकांवर जीव टाकणारं आहे. लोक चिडले ते गावाच्या जुन्या आठवणीत बाईच्या कुशीबद्दल जे होतं ते लेखकाने कागदावर आणलं म्हणून.

लेखक स्वतः त्या जातीतला नसेल, तर त्याने लिहावं का?

लिहावं, आणि आपण कुठून पाहतोय हे विसरू नये. १९३५ मध्ये मुल्कराज आनंद यांनी ‘अनटचेबल’ लिहिली, बाखा या सफाई कामगाराचा एक दिवस. तिचं महत्त्व आहेच, पण बाखा विचार करतो ते कधी कधी लेखकाच्या पुस्तकांच्या कपाटातून आल्यासारखं वाटतं. रोहिंटन मिस्त्री यांच्या ‘अ फाइन बॅलन्स’ (१९९५) मध्ये दुखी नावाचा चांभार आपल्या दोन मुलांना मुसलमान शिंप्याकडे शिवणकाम शिकायला पाठवतो. जातीचा धंदा सोडणं हाच केवढा मोठा गुन्हा! त्यातला नारायण पुढे गावी परततो आणि आपलं मत स्वतः द्यायचा हट्ट धरतो, तेव्हा ठाकूर त्याला हाल करून मारतो आणि घरच्यांना जाळतो. हा भाग मिस्त्रींनी जबाबदारीने लिहिला आहे. तरीही वाटतं, की त्यांच्या माणसांवर दुःख इतकं एकामागून एक कोसळतं, की हसायला, चिडायला, उलटून पडायला त्यांना फुरसतच मिळत नाही. अण्णा भाऊ साठे यांच्या ‘फकिरा’मध्ये (१९५९) उपासमार आहे आणि तलवारही आहे. वस्तीतून आलेल्या लेखकाला आपली माणसं नुसती मार खाताना दिसत नाहीत.

जातीची कादंबरी म्हणजे फक्त दलितांची कादंबरी का?

नाही, आणि हा गैरसमज लवकर दूर झालेला बरा. जात सगळ्यांना आहे. यू. आर. अनंतमूर्ती यांची ‘संस्कार’ (१९६५) पूर्णपणे अग्रहारात, म्हणजे ब्राह्मणवस्तीत घडते : नियम मोडणारा ब्राह्मण मेला आहे आणि त्याच्या प्रेताला अग्नी कोणी द्यायचा, यावर सगळे अडून बसलेत. भालचंद्र नेमाडे यांची ‘हिंदू : जगण्याची समृद्ध अडगळ’ (२०१०) कुणबी घराची. मोहेंजोदडोच्या उत्खननावर असलेल्या खंडेरावला वडील अत्यवस्थ असल्याचं कळतं आणि परतीच्या वाटेवर पिढ्यान्‌पिढ्यांच्या आठवणी उसळून येतात. त्यातल्या घरच्या बायकांच्या कहाण्या मला सगळ्यात मोलाच्या वाटतात. रंगनाथ पठारे यांचं ‘सातपाटील कुलवृत्तांत’ (२०१९) मराठा कुळाच्या अनेक पिढ्यांचा माग काढतं.

आपली जात ‘नाहीच’ असं ज्यांना वाटतं, त्यांनी आधी ही पुस्तकं वाचावीत.

सगळीकडे दुःखच आहे. झोप उडते. मग वाचायचं कशाला?

एका दमात वाचू नका. मधे दुसरं काही वाचा. पण दुःख आहे म्हणून टाळू नका. ज्यांच्या घरी हे घडलं त्यांना टाळायची सोय नव्हती.

पुस्तकं कुठे मिळतील?

ठाण्यात मराठी ग्रंथ संग्रहालय आहे, १८९३ साली स्थापन झालेलं. बागूल, अण्णा भाऊ, दया पवार यांच्यासाठी आधी तिथे विचारा. ऐरोलीत सेक्टर १५ मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्मारक आहे आणि तिथलं ग्रंथालय शांत बसून वाचायला उत्तम आहे. तमिळ-कन्नड पुस्तकांची मराठी आवृत्ती न मिळाल्यास इंग्रजीत वाचा, त्यात कमीपणा नाही. ट्रान्सहार्बर लोकलमध्ये मोबाइलवर अख्खी ‘पूक्कुळी’ वाचून काढणारे आमच्यात आहेत.

दहावी-अकरावीच्या मुलांना द्यावं का?

बागुलांच्या कथा आणि ‘फकिरा’ जरूर द्या. रॉय आणि मुरुगन थोडं नंतर. मुलांनी विचारलं की ‘आपल्यात असं नसतं’ म्हणून विषय मिटवू नका. आपल्या घरात लग्नं कशी ठरली, हे त्यांना खरं खरं सांगा.

हे वाचून आमच्या घरातली एक जुनी गोष्ट लिहावीशी वाटते. कशी लिहू?

हा प्रश्न बहुतेक जण बैठक संपल्यावर, चपला घालताना, हळूच विचारतात.

आधी घरातल्या सगळ्यात वयस्क बाईला विचारा. आजी, मोठी आत्या, मावशी, जी असेल ती. पुरुष माणसं वंशावळ सांगतात, बायका काय झालं ते सांगतात. एकदम मुद्द्यावर जाऊ नका. ती लग्न होऊन आली तेव्हा चूल कुठे होती, पाणी कोण भरायचं, कोणाकडे जायची बंदी होती, असं विचारत जा. सांगता सांगता ती कोणत्या नावापाशी विषय बदलते ते नीट लक्षात ठेवा. तिथे लगेच खणू नका, पुन्हा जाल तेव्हा विचारा.

घरातले कागद काढा. शाळा सोडल्याचे दाखले, जुनं रेशनकार्ड, सातबारा, लग्नपत्रिका. आडनाव कोणत्या वर्षी बदललं, दाखल्यावर जातीच्या रकान्यात काय लिहिलंय, कोणाचं नाव एका कागदावर आहे आणि पुढच्यावर नाही, यातून बरंच कळतं. नवी मुंबईतल्या गावठाणांतल्या घरांत जमीन संपादनाच्या वेळचे वारसांचे कागद असतील, तर तेही पाहा. कोणत्या मुलीचं नाव वारसांत लागलं नाही आणि का, यात अनेकदा एक अख्खी कादंबरी असते.

लिहिताना जे माहीत आहे ते लिहा आणि जे घडलं असेल असं वाटतं त्याची कथा करा, पण दोन्हींची सरमिसळ करून घरच्यांना खरं म्हणून विकू नका. जी माणसं हयात आहेत त्यांची नावं बदला. ज्या बाईवर अन्याय झाला ती किंवा तिची मुलं हयात असतील, तर छापायच्या आधी त्यांना वाचून दाखवा आणि नको म्हणाल्या तर थांबा. ज्यांनी अन्याय केला त्यांची परवानगी घ्यायची गरज नाही.

पहिला खर्डा कच्चा असला तरी कट्ट्यावर घेऊन या.